क्यू८५.०३ : एका दुर्मिळ आजाराचा कोड आणि आपली जबाबदारी

१ ऑक्टोबर २०१० रोजी अमेरिकेच्या आयसीडी-९-सीएम या रोगवर्गीकरणात २३७.७३ हा कोड लागू झाला आणि नसांवर गाठी आणणाऱ्या श्वानोमॅटोसिस या आजाराला तिथल्या वैद्यकीय नोंदींत पहिल्यांदा स्वतःचा क्रमांक मिळाला. त्याआधीही या आजाराचे रुग्ण होते, त्यांच्या शस्त्रक्रिया होत होत्या, विमा कंपन्यांकडे त्यांचे क्लेमही जात होते. पण त्या क्लेमवर आजार नेमका कोणता हे सांगण्याची सोय नव्हती. रुग्णाच्या नोंदींना कोड देणाऱ्या कोडरला न्यूरोफायब्रोमॅटोसिस या जवळच्या आजाराच्या कोडांपैकी एखादा निवडावा लागे, नाहीतर नसेची साधी गाठ एवढीच नोंद करून पुढे जावे लागे. वर्षअखेरीला कोणी नोंदींच्या त्या साठ्याला विचारले असते की यंदा श्वानोमॅटोसिसचे रुग्ण किती आले, तर उत्तर देता आले नसते.

मी पुण्यात बसून अमेरिकेतल्या रुग्णालयांचे चार्ट, म्हणजे रुग्णांच्या नोंदी, कोड करते. हिंजवडीत, खराडीत, नवी मुंबईत ऐरोलीला हेच काम करणारी मराठी मुले-मुली पुष्कळ आहेत, कोणी बी.फार्म. करून आलेले असते, कोणी नर्सिंग, कोणी फिजिओथेरपी, कोणी सूक्ष्मजीवशास्त्र. मधुमेह, रक्तदाब, गुडघ्याचे सांधेरोपण यांचे कोड आमच्या बोटांवर असतात. दुर्मिळ जनुकीय आजाराचा चार्ट मात्र क्वचित येतो, आणि तो येतो तेव्हा तासाला अमुक इतके चार्ट झाले पाहिजेत हे गणित बाजूला ठेवून शांतपणे वाचावे लागते. नसांवर गाठी आणणाऱ्या या आजारांच्या कोडिंगबद्दल मराठीत सविस्तर लिहिलेले माझ्या वाचनात आले नाही, म्हणून हे लिहीत आहे. नव्या कोडरना त्याचा उपयोग व्हावा. आणि ज्यांच्या घरी असा रुग्ण आहे त्यांनाही कळावे की फाईलवरच्या त्या चार-पाच आकड्यांमागे काय चालते.

आधी आजारांची ओळख करून घेऊ. या कुटुंबात मुख्यतः तीन आजार येतात. पहिला न्यूरोफायब्रोमॅटोसिस टाइप १, म्हणजे एनएफ-१. साधारण ३,००० जन्मांमागे एक इतके त्याचे प्रमाण मानले जाते. जर्मन विकृतिशास्त्रज्ञ फ्रीडरिश फॉन रेकलिंगहाउझेन यांनी १८८२ साली त्याचे तपशीलवार वर्णन केले, म्हणून जुन्या नोंदींत तो त्यांच्याच नावाने आढळतो. कातडीवर फिक्या तपकिरी रंगाचे सपाट डाग, काखेत व जांघेत बारीक ठिपके, बुबुळावर सूक्ष्म गाठी आणि कातडीखाली व नसांवर वाढणाऱ्या मऊ गाठी ही त्याची लक्षणे. त्याचे जनुक १७व्या गुणसूत्रावर असून ते १९९० साली सापडले. दुसरा एनएफ-२. तो पुष्कळ विरळ, साधारण २५,००० ते ३३,००० लोकांत एखाद्याला होणारा. त्यात दोन्ही कानांच्या श्रवण व तोल सांभाळणाऱ्या नसांवर गाठी येतात आणि बहुधा ऐन तारुण्यात ऐकू येणे कमी होऊ लागते. त्याचे जनुक २२व्या गुणसूत्रावर, १९९३ साली सापडलेले. तिसरा श्वानोमॅटोसिस, या तिघांत सर्वांत उशिरा वेगळा ओळखला गेलेला. शरीरात ठिकठिकाणच्या नसांवर श्वानोमा जातीच्या, म्हणजे नसेच्या आवरणातल्या पेशींपासून वाढणाऱ्या, गाठी येतात, दोन्ही कानांच्या नसांवर मात्र एनएफ-२ सारख्या जोडीने येत नाहीत, आणि रुग्णाला सर्वांत जास्त छळतात त्या वेदना. गाठ लहान असते, तपासणीत फारसे काही दिसत नाही, आणि माणूस मात्र वर्षानुवर्षे दुखण्याने हैराण असतो. या आजाराशी जोडलेले एसएमएआरसीबी१ हे जनुक २००७ साली आणि एलझेडटीआर१ हे २०१४ साली समोर आले; दोन्ही २२व्या गुणसूत्रावरच, एनएफ-२च्या जनुकाच्या आसपास.

तिन्ही आजार आईवडिलांपैकी एकाकडूनही मुलात येऊ शकतात. पण एनएफ-१ आणि एनएफ-२च्या सुमारे निम्म्या रुग्णांच्या घरात आधी कोणालाच आजार नसतो, आणि श्वानोमॅटोसिसमध्ये तर बहुतेक रुग्ण असेच असतात. कौटुंबिक इतिहासाच्या रकान्यात ‘काही नाही’ लिहिलेले दिसले म्हणून कोडरने निदानावर शंका घेऊ नये, ते यासाठी.

आता कोडांकडे येते. आयसीडी-९-सीएममध्ये हे सारे आजार २३७.७ या गटात होते, म्हणजे दुसऱ्या प्रकरणात, गाठींच्या प्रकरणात. आणि तेही ‘वर्तन अनिश्चित असलेल्या गाठी’ या शीर्षकाखाली. १ ऑक्टोबर २०१५ पासून अमेरिकेत आयसीडी-१०-सीएम लागू झाले आणि सगळा गट उचलून सतराव्या प्रकरणात, जन्मजात विकृतींमध्ये, क्यू८५.० खाली ठेवला गेला. क्यू८५.०० म्हणजे प्रकार नमूद नसलेला न्यूरोफायब्रोमॅटोसिस, क्यू८५.०१ म्हणजे टाइप १, क्यू८५.०२ टाइप २, क्यू८५.०३ श्वानोमॅटोसिस आणि क्यू८५.०९ इतर. हे स्थलांतर मला योग्य वाटते. या रुग्णांच्या गाठी हा आजाराचा दिसणारा भाग आहे. मूळ दोष जनुकात, जन्मापासूनचा आहे. गाठ काढून टाकली म्हणजे आजार संपला असे होत नाही, आणि नव्या जागेमुळे नोंदीतही तसे होत नाही. सतराव्या प्रकरणाच्या नियमांत स्पष्ट म्हटले आहे की विकृती कायम असेल तोवर तिचा कोड रुग्णाच्या आयुष्यभर वापरता येतो. साठ वर्षांच्या रुग्णाच्या चार्टवर ‘जन्मजात’ प्रकरणातला कोड पाहून नवा कोडर बिचकतो. बिचकण्याचे कारण नाही.

त्याच प्रकरणात आणखी एक नियम आहे. विकृतीचा नेमका कोड दिला असेल, तर त्या विकृतीचाच अंगभूत भाग असलेली लक्षणे वेगळी कोड करायची नाहीत. जी अंगभूत नाहीत ती मात्र जरूर करायची. एनएफ-१ निश्चित झालेल्या मुलाच्या कातडीवरच्या डागांसाठी पुन्हा एल८१.३ लावण्याची गरज नाही. त्याच मुलाच्या पाठीच्या कण्याला बाक आला असेल, तर तो स्वतंत्रपणे नोंदला पाहिजे, कारण एनएफ-१च्या प्रत्येक रुग्णाला तो होत नाही आणि त्यावर वेगळे उपचार लागतात. एनएफ-२च्या रुग्णाची दोन्ही कानांची श्रवणशक्ती गेली असेल तर एच९० मधला योग्य कोड आलाच पाहिजे.

नियम वाचून जे कळत नाही ते चार्ट उघडल्यावर कळते. नमुन्यादाखल एक चार्ट रचून दाखवते. तो कोणा रुग्णाचा नाही, पण अशा घडणीचे चार्ट येतात. चव्वेचाळीस वर्षांची स्त्री, डाव्या हाताच्या कोपराजवळ अल्नर नसेवर गाठ, दोन वर्षांपासून करंगळीपर्यंत जाणारी कळ. मागच्या शस्त्रक्रियांच्या यादीत उजव्या मांडीतली एक गाठ काढल्याची ओळ. शस्त्रक्रियेच्या नोंदीत सर्जन लिहितात की नसेचे तंतू बाजूला करून गाठ अखंड काढली, नस शाबूत आहे. पॅथॉलॉजीच्या अहवालात एका शब्दाचा निष्कर्ष : श्वानोमा. शस्त्रक्रियेचा कोड सीपीटी या वेगळ्या यादीतून येतो, आणि तो सरळ आहे. मुख्य परिघीय नसेवरची अशी गाठ काढण्यासाठी ६४७९०. कातडीच्या नसेवरची असती तर ६४७८८, आणि विस्तृत किंवा घातक असती तर ६४७९२. प्रश्न निदानाच्या कोडचा आहे.

चार्ट एवढाच असेल तर उत्तर डी३६.१२, म्हणजे खांद्यासह वरच्या अवयवातील परिघीय नसेची साधी गाठ. मांडीत पूर्वी एक आणि हातात आता एक, अशा दोन गाठी दिसल्या की वैद्यकीय पार्श्वभूमी असलेल्या कोडरच्या मनात श्वानोमॅटोसिस हा शब्द येतोच, आणि येणे चांगलेच. पण मनात आलेला शब्द कोड करता येत नाही. कोड कशाचा लागतो, तर डॉक्टरांनी लिहिलेल्या निदानाचा. ‘मल्टिपल श्वानोमाज’ असे सर्जनने लिहिले तरी ते गाठींचे वर्णन झाले, आजाराचे निदान झाले नाही. श्वानोमॅटोसिसचे निदान ठरवायला ठरलेले निकष आहेत, त्यात एमआरआय येतो, जनुकीय तपासणी येते, आणि ते निकष पूर्ण झाले की नाही हे ठरवणे हा डॉक्टरांचा अधिकार आहे.

समजा त्याच चार्टमध्ये न्यूरॉलॉजीच्या डॉक्टरांची नोंद आहे आणि त्यात ‘श्वानोमॅटोसिस’ असे निःसंदिग्ध लिहिले आहे. मग क्यू८५.०३ लागतो, आणि इथे एक गोष्ट घडते जी मला सुरुवातीपासून खटकत आली आहे. डी३६.१ च्या खाली टॅब्युलर यादीत, म्हणजे कोडांच्या क्रमवार यादीत, एक्स्क्लूड्स-१ अशी टीप आहे आणि तिच्यात क्यू८५.० या सगळ्या गटाचे नाव आहे. एक्स्क्लूड्स-१ म्हणजे हे दोन कोड एकत्र येऊ शकत नाहीत. दोन्ही स्थिती एकमेकींशी सर्वस्वी असंबद्ध असतील तेवढाच अपवाद. त्यामुळे क्यू८५.०३ आला की डी३६.१२ बाहेर पडतो. कानाच्या नसेवरच्या गाठीचा डी३३.३ देखील याच कारणाने एनएफ-२च्या कोडबरोबर बसत नाही. तर्क उघड आहे : आजाराच्या नावातच गाठी आल्या, त्या दुसऱ्यांदा मोजू नयेत. पण परिणाम असा होतो की गाठ हातात होती की पायात, छातीत होती की ओटीपोटात, ही माहिती निदानाच्या कोडांतून नाहीशी होते. ज्याला एकच गाठ आहे त्याच्या गाठीची जागा नोंदीत राहते, आणि ज्याला दहा आहेत त्याच्या एकाही गाठीची राहत नाही. श्वानोमॅटोसिसच्या रुग्णाला आयुष्यात पुन्हा पुन्हा ऑपरेशन टेबलावर जावे लागू शकते. प्रत्येक वेळी निदान एकच, क्यू८५.०३. वेगळेपण उरते ते फक्त शस्त्रक्रियेच्या कोडमध्ये आणि त्याला जोडायच्या डाव्या-उजव्याच्या खुणेत, म्हणजे मॉडिफायरमध्ये. म्हणून या चार्टमध्ये मॉडिफायरकडे मी एरवीपेक्षा जास्त लक्ष देते. विमा कंपनीला आजची शस्त्रक्रिया आणि मागची शस्त्रक्रिया वेगवेगळ्या आहेत हे त्याच्यावरूनच दिसते, आणि ते दिसले नाही तर दुसरा क्लेम ‘डुप्लिकेट’ म्हणून परत येऊ शकतो.

वेदनेबद्दलही असेच. दुखणे हाच या आजाराचा गाभा असताना कित्येक चार्टमध्ये ते कोडपर्यंत पोहोचत नाही. जी८९.३ हा गाठीमुळे होणाऱ्या वेदनेचा कोड आहे. त्याच्या नावामुळे तो फक्त कर्करोगासाठी आहे अशी समजूत आढळते, पण मार्गदर्शक नियमांत कर्करोगाबरोबर ‘ट्यूमर’ हा शब्दही स्पष्टपणे दिला आहे. रुग्ण वेदना व्यवस्थापनासाठीच आलेला असेल आणि डॉक्टरांनी ‘गाठीमुळे वेदना’ असा संबंध लिहिला असेल, तर हा कोड पहिल्या क्रमांकावर येतो आणि मूळ आजाराचा त्याच्या पाठोपाठ. संबंध लिहिलेला नसेल तर तो आपण जोडायचा नाही, विचारायचे.

‘शंका’ या शब्दाचे काय करायचे, याबाबत बाह्यरुग्ण आणि आंतररुग्ण विभागांचे नियम एकमेकांच्या उलट आहेत, आणि या आजारांत त्याचा परिणाम फार दूरवर जातो. बाह्यरुग्ण विभागात ‘प्रॉबेबल’ (बहुधा), ‘सस्पेक्टेड’ (संशयित), ‘रूल आउट’ (आहे की नाही ते तपासा) अशा शब्दांनी लिहिलेले निदान कोड करायचे नाही. ज्या लक्षणासाठी रुग्ण आला ते करायचे. आंतररुग्णाच्या बाबतीत, घरी सोडतानाच्या नोंदीत तसे लिहिले असेल तर निदान निश्चित असल्यासारखे कोड करायचे. आता एखाद्या बालरोगतज्ज्ञाकडे तीन वर्षांचे मूल आले. अंगावर सहा-सात तपकिरी डाग, प्रत्येक पाच मिलिमीटरहून मोठा. वयात येण्यापूर्वी असे सहा डाग असणे हा एनएफ-१च्या निकषांपैकी एक आहे, पण एकट्या त्या निकषावर निदान पक्के होत नाही. लेजियस सिंड्रोम नावाचा एक आजार आहे, त्यातही असेच डाग असतात आणि गाठी मात्र येत नाहीत; त्याचे जनुक २००७ साली सापडले. डॉक्टर लिहितात, ‘रूल आउट एनएफ-१, जनुकीय सल्ल्यासाठी पाठवले’. इथे कोड एल८१.३. घाईत क्यू८५.०१ लावला, तर त्या मुलाच्या नोंदीत आयुष्यभराच्या जनुकीय आजाराचे नाव बसले, तेही तपासणीआधी. अमेरिकेत २००८ साली जनुकीय माहितीच्या आधारे होणाऱ्या भेदभावाविरुद्ध कायदा झाला, पण तो आरोग्य विमा आणि नोकरी यांपुरता आहे. आयुर्विमा, अपंगत्व विमा त्याच्या कक्षेबाहेर आहेत. एकदा नोंदीत गेलेले नाव पुढच्या प्रत्येक दवाखान्यात आधी पोहोचते. आईवडिलांनी ते पेशंट पोर्टलवर कोणाच्या तोंडून ऐकण्याआधीच वाचले, तर त्यांची काय अवस्था होत असेल याचा विचार त्या एका क्लिकपूर्वी व्हायला हवा.

चूक उलट बाजूनेही होते. निदान पक्के आहे, प्रकार स्पष्ट लिहिलेला आहे, तरी क्यू८५.०० लावून चार्ट पुढे सरकवला जातो, कारण ‘न्यूरोफायब्रोमॅटोसिस’ टाइप केल्यावर एन्कोडरमध्ये, म्हणजे कोड शोधण्याच्या सॉफ्टवेअरमध्ये, तो सर्वांत वर दिसतो. क्लेम त्यावर अडत नाही, ऑडिटमध्येही काही वेळा निसटतो. पण २०२० च्या एप्रिलमध्ये सेल्युमेटिनिब या औषधाला अमेरिकेच्या एफडीए या औषध नियामक संस्थेने मान्यता दिली ती एनएफ-१ असलेल्या, शस्त्रक्रियेने काढता न येणाऱ्या व त्रासदायक प्लेक्सिफॉर्म न्यूरोफायब्रोमाच्या (नसांच्या जाळ्यात पसरणाऱ्या गाठीच्या), दोन वर्षे व त्यापुढील मुलांसाठी. मान्यतेत टाइप १ असे नाव आहे. विमा कंपनीकडे औषधाची पूर्वपरवानगी मागताना फाईलवर ‘प्रकार नमूद नाही’ असेल, तर प्रश्न येणारच, आणि तो सुटेपर्यंत मुलाचे औषध थांबते. श्वानोमॅटोसिससारख्या विरळ आजारात तर याहून मोठे नुकसान आहे. संशोधक रुग्ण शोधतात ते पुष्कळदा नोंदींमधल्या कोडवरूनच. आजार किती जणांना आहे, कोणत्या वयात निदान होते, वेदनेसाठी कोणती औषधे किती काळ दिली जातात, हे सारे क्यू८५.०३ गाळून काढून पाहिले जाते. ज्या आजाराचे रुग्णच मोजके, त्यातले काही क्यू८५.०० मध्ये आणि काही डी३६.१ मध्ये विखुरले, तर उरलेल्यांवरून काढलेला निष्कर्ष कितपत धरावा?

यात अलीकडे आणखी एक गुंता आला आहे. एनएफ-१चे निकष २०२१ साली सुधारले गेले, आणि २०२२ साली आंतरराष्ट्रीय तज्ज्ञगटाने एनएफ-२ आणि श्वानोमॅटोसिस यांचे निकष आणि नावे बदलली. एनएफ-२च्या रुग्णांत न्यूरोफायब्रोमा नव्हे तर श्वानोमा जातीच्या गाठी असतात, आणि शरीराच्या फक्त काही पेशींत दोष असलेला एनएफ-२ व श्वानोमॅटोसिस यांची वारंवार गल्लत होत होती. म्हणून आता ‘एनएफ२-संबंधित श्वानोमॅटोसिस’, ‘एसएमएआरसीबी१-संबंधित श्वानोमॅटोसिस’, ‘एलझेडटीआर१-संबंधित श्वानोमॅटोसिस’ अशी जनुकावरून नावे दिली जातात. वैद्यकाच्या दृष्टीने हे चांगले पाऊल आहे. कोडच्या यादीतली नावे मात्र जुन्या विभागणीवर बेतलेली आहेत. परिणाम असा की डॉक्टर नव्या पद्धतीने ‘एनएफ२-संबंधित श्वानोमॅटोसिस’ लिहितात, कोडर शेवटचा शब्द एन्कोडरमध्ये टाकतो आणि क्यू८५.०३ उचलतो. माझ्या मते हे चुकीचे आहे. डॉक्टरांनी नाव घेतले आहे ते पूर्वी एनएफ-२ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या आजाराचे, आणि त्याची जागा क्यू८५.०२ आहे. दोन्ही कानांची श्रवणशक्ती जाण्याचा धोका असलेला रुग्ण आणि मुख्यतः वेदनेने त्रस्त असलेला रुग्ण एकाच कोडखाली गेले, तर २०१० साली जी विभागणी मिळाली तीच आपण हाताने पुसल्यासारखे होईल. आपल्या टीममध्ये याबद्दल लेखी सूचना नसेल, तर ती मागून घ्यावी. एकाने एक आणि शेजारच्याने दुसरा कोड लावणे सर्वांत वाईट.

जनुकीय अहवाल वाचताना याहून जास्त सावध राहावे लागते. शस्त्रक्रियेत काढलेल्या गाठीच्या पेशींची तपासणी होते आणि अहवालात येते, ‘एनएफ२ जनुकात बदल आढळला’. नव्या कोडरला वाटते, निदान मिळाले. प्रत्यक्षात ज्यांना कोणताही आनुवंशिक आजार नाही अशा लोकांच्या एकट्यादुकट्या श्वानोमातही, आणि मेंदूच्या आवरणावर येणाऱ्या कित्येक गाठींतही (मेनिंजिओमा), त्या जनुकातला बदल सापडतो; तो बदल त्या गाठीपुरता असतो. रुग्णाच्या रक्तातून केलेली तपासणी आणि गाठीतून केलेली तपासणी या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. अहवालाच्या वरच्या भागात नमुना कशाचा हे लिहिलेले असते. ती ओळ वाचल्याखेरीज निष्कर्षाची ओळ वाचू नये. आणि नमुना रक्ताचा असला, तरी आजाराचे नाव डॉक्टरांच्या नोंदीत येईपर्यंत थांबायचे. पॅथॉलॉजिस्टने दिलेले निश्चित निदान बाह्यरुग्णाच्या चार्टमध्ये कोड करता येते, कारण तेही डॉक्टरच आहेत. आंतररुग्णाच्या चार्टमध्ये ते उपचार करणाऱ्या डॉक्टरांनी उचलून धरावे लागते.

एनएफ-१च्या रुग्णाला नसेच्या आवरणाचा घातक कर्करोग झाला, तर सी४७ गटातला जागेनुसार कोड येतो आणि त्याच्याबरोबर क्यू८५.०१ देखील. हा धोका आयुष्यभरात साधारण ८ ते १३ टक्के रुग्णांना असल्याचे मानले जाते. कर्करोगाचा कोड आला म्हणून मूळ आजार गाळू नये. कर्करोग नोंदणीत काम करणाऱ्यांसाठी आकारशास्त्राचे, म्हणजे गाठीच्या पेशींचा प्रकार सांगणारे, कोड वेगळे आहेत : साधा न्यूरोफायब्रोमा ९५४०/०, प्लेक्सिफॉर्म ९५५०/०, श्वानोमा ९५६०/०, आणि घातक प्रकार ९५४०/३. तिरप्या रेघेनंतरचा एक आकडा ० ऐवजी ३ झाला की साध्या गाठीचा कर्करोग होतो, हे नजरेआड होऊ नये.

आता क्वेरीबद्दल, म्हणजे कोडरने डॉक्टरांना विचारायच्या प्रश्नाबद्दल. दोन-तीन श्वानोमांचा इतिहास आहे, वेदना आहे, एमआरआयमध्ये आणखी गाठी दिसत आहेत, आणि निदानाच्या रकान्यात फक्त ‘श्वानोमा’ आहे, अशा वेळी डॉक्टरांना विचारणे हे कोडरचे काम आहे. विचारण्याची पद्धत मात्र ठरलेली आहे. ‘रुग्णाला श्वानोमॅटोसिस आहे असे लिहाल का?’ हा प्रश्न चालत नाही, कारण तो उत्तर सुचवतो. चार्टमधल्या गोष्टी तारखांसह मांडायच्या : अमुक दिवशी मांडीतील गाठ, पॅथॉलॉजी श्वानोमा; अमुक दिवशी हातातील गाठ, पॅथॉलॉजी श्वानोमा; एमआरआयमध्ये आणखी दोन जागी नसेलगत गाठी. मग विचारायचे, या निष्कर्षांमागे एखादे निदान आपल्या मते असेल तर कृपया नमूद करावे. पर्याय दिले तर एकमेकांशी निगडित नसलेल्या वेगवेगळ्या गाठी, श्वानोमॅटोसिस, एनएफ२-संबंधित आजार, इतर, आणि आत्ता सांगता येत नाही, असे सगळे द्यायचे. उत्तर ‘आत्ता सांगता येत नाही’ असे आले, तर कोड डी३६.१२ च राहतो आणि तो बरोबर असतो. कित्येकदा अशी क्वेरी वाचून डॉक्टर रुग्णाला जनुकीय सल्ल्यासाठी पाठवण्याचा विचार करतात. तो त्यांचा निर्णय.

आपल्याकडच्या रुग्णालयांचे चित्र वेगळे आहे. महाराष्ट्रातल्या ज्या रुग्णालयांचे मेडिकल रेकॉर्ड विभाग जागतिक आरोग्य संघटनेचे मूळ आयसीडी-१० वापरतात, तिथे या सगळ्यासाठी एकच कोड आहे, क्यू८५.०. अमेरिकेने आपल्या आवृत्तीत पाचवा आकडा जोडून जी विभागणी केली, ती मूळ वर्गीकरणात नाही. डाग असलेले मूल, ऐकू येईनासे झालेला कॉलेजचा मुलगा आणि हाताच्या कळीने झोप उडालेली बाई, तिघेही तिथे क्यू८५.०. हा दोष रेकॉर्ड विभागातल्या कर्मचाऱ्यांचा नाही. त्यांच्या हातातल्या पुस्तकात पुढचा आकडाच नाही. अशा ठिकाणी डिस्चार्ज कार्डावर डॉक्टरांनी प्रकार अक्षरात लिहिणे, आणि संगणकात शेऱ्याचा रकाना असेल तर कर्मचाऱ्याने तो तसाच उतरवणे, एवढा उपाय आजही हातात आहे. युरोपात चालणाऱ्या ऑर्फानेट या दुर्मिळ आजारांच्या सूचीत एनएफ-१ला ६३६ आणि एनएफ-२ला ६३७ असे स्वतंत्र क्रमांक आहेत. शेऱ्यात तेही लिहिता येतात.

जागतिक आरोग्य सभेने मे २०१९ मध्ये आयसीडी-११ स्वीकारले आणि १ जानेवारी २०२२ पासून ते अमलात आले. त्यात हे आजार एलडी२डी या गटात आहेत आणि मूळ आवृत्तीतच टाइप १ व टाइप २ वेगळे केले आहेत. शिवाय त्यात मुख्य कोडला शरीरातली जागा, डावी-उजवी बाजू असे जोडकोड लावून एक साखळी करता येते, म्हणजे डी३६.१२ बाहेर पडल्यावर हरवणारी गाठीची जागा तिथे आजाराच्या नावासह टिकू शकते. अमेरिकेत मात्र आजही क्लेम आयसीडी-१०-सीएमवरच चालतो, त्यात बदल सुचवणाऱ्या समितीच्या बैठका दरवर्षी मार्च आणि सप्टेंबरमध्ये होतात, आणि सूचना कोणीही पाठवू शकते. याच क्यू८५ मध्ये १ ऑक्टोबर २०२२ पासून फॉन हिपेल-लिंडाउ आजाराला क्यू८५.८३ हा स्वतःचा कोड मिळाला. श्वानोमॅटोसिसच्या जनुकनिहाय विभागणीची मागणीही त्याच मार्गाने करता येते.